आवाज न करता बोललेलं

लंडन, १९ ऑक्टोबर १९२४

प्रिय बर्था,

मागच्या दोन पत्रांना तू उत्तर दिलं नाहीस, म्हणजे अजून रागावली आहेस. राहा बापडी. मी गिरणी सोडली, चार माग दुसरीच्या हवाली केले आणि इथे येऊन नाटकी बायांत शिरले, हे तुला आणि आईला पसंत नाही ते मला पाठ झालंय. पण आज लिहिल्याशिवाय राहवत नाही. घरमालकीणबाईंना सिनेमा म्हणजे पाप वाटतं, त्यांच्यापुढे काय नाचू?

मला मोठं काम मिळालं, बर्था. आता घोळक्यात उभं राहायचं नाही की तबक घेऊन दारातून आत-बाहेर करायचं नाही. पडद्यावर नाव येणार, क्लॅरिसा व्हेन. शोरॉक हे आडनाव चालत नाही म्हणे. ते ऐकलं की कांदे विकणारी बाई डोळ्यांसमोर येते, असं आमचे दिग्दर्शक लॅम्बर्टसाहेब म्हणाले. बाबा असते तर त्यांनी त्या साहेबाला कांदाच खायला घातला असता.

स्टुडिओ म्हणजे ट्रामची जुनी शेड आहे. बाहेर धुकं पडलं की ते आतही येतं, मग कॅमेऱ्याला काही दिसत नाही आणि आम्ही सगळे चहा पीत बसतो. दिवे इतके प्रखर की डोळ्यांची आग होते. सध्या मी कच्च्या बटाट्याचे काप डोळ्यांवर ठेवून निजते. आईला सांग, हसेल.

माझं काम असं की मी एक गरीब मुलगी, लग्नाआधी पोर झालेलं, बापाने घराबाहेर काढलेली. बर्फात, दारापुढे उभी राहून आत घ्या म्हणून विनवते. बर्फ म्हणजे मीठ आणि कागदाचे कपटे. माझ्या हातात बाळ म्हणून गुंडाळलेलं उशीचं गाठोडं. आता सांग, त्या गाठोड्याकडे बघून रडू कसं येणार? एक म्हातारा कोपऱ्यात व्हायोलिन वाजवत होता, तरी टिपूस येईना. शेवटी लॅम्बर्टसाहेब म्हणाले, ‘‘तुझं जे काही खरं दुःख असेल ना, ते बोल. तोंडाने काय वाट्टेल ते बोल. इथे ऐकतंय कोण?’’ कॅमेरा लांब फाटकापाशी होता. मी बोलले आणि मग जे रडू फुटलं ते आवरेना. सुतारसुद्धा नाक पुसत होते. काय बोलले ते विचारू नकोस, असंच काहीबाही.

आठवतं का गं, शनिवारी पॅलेस थेटरात आपण कशा हसायचो? तो उमराव गुडघे टेकून तिचा हात धरायचा, पाटीवर यायचं ‘तुझ्याविना जीवन व्यर्थ’, आणि त्याचे ओठ म्हणत असायचे की बूट चावतोय. सगळं थेटर खदखदायचं आणि पियानोवाल्याला कळायचं नाही की झालं काय. इथल्या लोकांना ओठांतलं ओ की ठो कळत नाही. मी लॅम्बर्टसाहेबांना सांगितलं की आमच्याकडे साळखात्यात मागांचा खडखडाट इतका, की बायका आवाज न काढता नुसत्या ओठांनी बोलतात. ते म्हणाले, मजाच आहे तुमच्या गावाची.

एझ्रा पिलिंगशी तुझं जवळजवळ ठरलं असं मावशीने कळवलं. गिरणीत मुकादमी करणारा जॉबर नवरा, चॅपेलमध्ये पुढच्या बाकावर बसणारा, नशीब काढलंस. सिनेमा पॅलेसला लागला की त्यालाही ने. आईला ने, आपल्या धाकट्या आयव्हीला ने. पुढच्या रांगेत बसा.

तुझी,
क्लॅरा

लंडन, ८ फेब्रुवारी १९२५

प्रिय बर्था,

घाईत लिहिते. काल थेटरमालकांना सिनेमा दाखवला, आम्हालाही बसू दिलं. तुम्ही तो बघायला जाऊ नका. मी त्यात चांगली दिसत नाही. गाल फुगलेले दिसतात, कामही वाईट केलंय. आईला उगाच वाईट वाटेल. सिनेमा लागेल त्या आठवड्यात आयव्हीला घेऊन मावशीकडे मोरकमला जाता आलं तर बघ. एझ्राला तर मुळीच नेऊ नकोस. तसाही चॅपेलवाल्या माणसाने सिनेमाला कशाला जायचं?

समोरच्या क्रॉम्प्टनबाईंनाही काहीतरी सांगून थांबव. त्यांना कसं थांबवणार, ते मला माहीत नाही. पण थांबव.

क्लॅरा

लंडन, २२ फेब्रुवारी १९२५

प्रिय बर्था,

पेपरात पाहिलं, सिनेमा शुक्रवारी आपल्या पॅलेसला लागणार. तू पत्राचं उत्तर देत नाहीस. मी गालांचं वगैरे लिहिलं ते खोटं होतं. आता खरं लिहिते. वाचल्यावर पत्र चुलीत टाक.

ते बर्फातलं दृश्य घेतलं त्या दिवशी दुसरा एक कॅमेरा होता. लॅम्बर्टसाहेबांनी तो खिडकीच्या आत, काळ्या कापडाआड लपवला होता. बाईला कुणी बघत नाही असं वाटलं की ती खरी रडते, असं त्यांचं म्हणणं. मागे थेटरमालकांबरोबर बसले तेव्हा पडद्यावर माझा चेहरा आला, दाराएवढा मोठा. आणि तोंड! चार माग सांभाळणाऱ्या बाईचं ते तोंड, बर्था. पलीकडच्या रांगेतलीला कळावं म्हणून एकेक शब्द चावून बोलणारं. पाटीवर आलं ‘बाबा, दया करा’. मी मात्र आईशी बोलत होते. तुझ्या तोंडचं बोलत होते.

मोरकमचं. मावशीच्या घरात, ज्या दिवशी आयव्हीला गावी न्यायचं ठरलं तो दिवस. शेजारी ऐकतील म्हणून तू आणि आई आवाज न करता भांडत होता. मी दारात होते. तुमच्या दोघींचं माझ्याकडे लक्ष नव्हतं, पण माझं तुमच्या ओठांकडे होतं. तू म्हणालीस, ‘‘आई, तुझी म्हणून वाढव. मी जन्मभर तिला बहीण म्हणेन. पण आयव्हीला माझ्यापासून लांब नेऊ नकोस. माझ्या अंथरुणात निजू दे.’’ हे असंच्या असं मी त्या मिठाच्या बर्फात उभी राहून बोलले. नावासकट.

मला सोंग करायचं होतं आणि माझ्याकडे स्वतःचं दुःखच नव्हतं. म्हणून तुझं घेतलं. मला वाटलं, लांबचा कॅमेरा आहे, कोण बघतंय? बाबांनी मरेपर्यंत या गोष्टीचा ब्र काढला नाही. आईने म्हातारपणी पोर झालं म्हणून सगळ्या गल्लीची थट्टा सोसली. आणि मी लंडनच्या एका साहेबाला खूश करायला ती चव्हाट्यावर मांडली. भिंतींना कान असतात म्हणतात. आपल्या गावाला तर कानांची गरजच नाही, हे मला माहीत असायला नको होतं का?

लॅम्बर्टसाहेबांना ते काढून टाका म्हणून सांगितलं, अगदी पाया पडायची बाकी राहिले. ते म्हणाले, सगळ्या सिनेमात तेवढंच तर चांगलं आहे, आणि ओठ कोण वाचतंय? म्हटलं, माझं अख्खं गाव वाचतं. तर ते हसले.

एझ्राला तू आधीच सांगितलं असशील तर बरं. नसशील तर शुक्रवारच्या आत सांग. दुसऱ्याकडून कळण्यापेक्षा तुझ्याकडून कळलेलं बरं.

क्लॅरा

लंडन, १५ मार्च १९२५

प्रिय बर्था,

तुझं पत्र मिळालं. चारच ओळी, पण त्या वाचायला मला सबंध सकाळ लागली.

म्हणजे थेटरात कुणी हसलं नाही. सगळं शांत झालं आणि पियानोवाला एकटाच वाजवत राहिला. मग क्रॉम्प्टनबाई म्हणाल्या, ‘‘अगं बाई, म्हणजे आयव्ही क्लॅराची.’’ आणि सगळ्यांना तेच पटलं. पटणारच. पडद्यावर तोंड माझं, ‘माझ्यापासून लांब नेऊ नकोस’ म्हणणारी मी. त्या उन्हाळ्यात मीही मोरकमला होते, हे कुणाच्या तरी लक्षात होतं. शिवाय पळून सिनेमात गेलेली कोण? मीच. तू चॅपेलात गाणारी, आईचं करणारी, तुझ्यावर कोण शंका घेणार?

तू लिहिलंस, ‘एझ्रालाही तसंच वाटतं. तसंच राहू दे. एवढं तू माझ्यासाठी केलंच पाहिजेस.’

तुझ्यापाशी खोटं बोलून आता काय मिळवायचंय? वाचल्यावर पहिल्यांदा मला लाज वाटली नाही, राग आला. अशी संतापले की कप फोडला. सिनेमाच्या मासिकात नुकताच माझा फोटो आला होता. लॅम्बर्टसाहेब पुढच्या सिनेमात मला घेणार होते, मुख्य काम. पोर तुझं, नवरा तुला, आणि नाक कापायचं माझं? असं मनात आलं. मग आठवलं की हे सगळं कुणाच्या तोंडून बाहेर पडलं ते. हात दाखवून अवलक्षण म्हणतात, मी तर तोंड दाखवलं.

बुधवारी मला ऑफिसात बोलावलं. मँचेस्टरचा कुणी वार्ताहर येऊन माझ्या ‘पोरी’बद्दल विचारून गेला होता. लॅम्बर्टसाहेब होते, आणि स्टुडिओचे मॅनेजर, ते एरवी आमच्याकडे बघतसुद्धा नाहीत. वर्तन स्वच्छ ठेवीन असं मी सही करून दिलंय, त्याची त्यांनी आठवण करून दिली. मग मॅनेजर अगदी मायेने म्हणाले, ‘‘हे खोटं आहे, एवढं सांग. त्या दृश्यात कुणाची गोष्ट होती, तेही सांग. आम्ही छापून आणू, आणि तुझं काम चालू राहील.’’

बर्था, मी तोंड उघडलं होतं. तुझं नाव जिभेवर आलं होतं. मला खरंच ते काम हवं होतं. पण ते दोघे माझ्या तोंडाकडे ज्या नजरेने बघत होते, ती बघून मला शिसारी आली. लॅम्बर्टसाहेब तर पुढे वाकून बसले होते, गोष्ट ऐकायला. मी म्हटलं, ‘‘मुलगी माझी आहे.’’

तू मला थोर समजू नकोस. मी बाहेर येऊन जिन्यात रडले ते तुझ्यासाठी नव्हे, त्या सिनेमासाठी. ती मुख्य नायिका घोड्यावर बसणार होती.

क्लॅरिसा व्हेन संपली. आता मी पुन्हा शोरॉक. एका धुलाईखान्यात इस्त्रीवर लागले आहे. तिथेही यंत्रांचा आवाज इतका आहे की पहिल्याच दिवशी मी आपली ओठांनी बोलायला गेले. शेजारची बाई म्हणाली, ‘‘दात दुखतात का गं तुझे?’’

क्लॅरा

लंडन, १० मे १९२५

प्रिय बर्था,

आईने मावशीकडून लिहवून घेतलेलं पत्र आलं. आयव्हीला माझ्याकडे पाठवणार म्हणे. एझ्राचं म्हणणं, आई जिवंत असताना पोरीने आजीकडे का वाढायचं, आणि लग्नानंतर आमच्या घरात तर ती नकोच, चॅपेलची माणसं काय म्हणतील. आईचे आता गुडघे गेले, तिला एकटीला जमत नाही. शाळेत पोरं आयव्हीला काय काय म्हणतात, तेही लिहिलंय. ते मी इथे लिहीत नाही.

तू काय म्हणालीस, हे त्या पत्रात कुठेच नाही.

मी हात जोडते, बर्था, एझ्राला खरं सांग. तो वाईट माणूस नाही, फक्त कडक आहे. वॉल्टर फ्रान्सच्या लढाईतून परत आला असता तर लग्न झालंच असतं, हे त्याला समजेल. त्याचा स्वतःचा भाऊ तिथेच गेला ना? लग्न मोडलं तर मोडलं. नाही मोडलं तर आयव्ही तुझ्यापाशी राहील. तू न सांगता तिला पाठवलीस, तर जे होऊ नये म्हणून तू आईचे पाय धरले होतेस, तेच होईल. आणि या वेळी ते तू स्वतः करशील.

मी हे लिहिते आहे, मी. मला लाज वाटते. हे सांगायला दुसरं कुणी असतं तर मी गप्प बसले असते. पण हे ठाऊक असणारी माणसं आपण तिघी आणि मावशी, एवढीच. मला काही आता कुणाचं ऐकायचं उरलं नाही, मी येऊन एझ्रापुढे उभी राहून सांगेन, तू फक्त ये म्हण. तू ये म्हटल्याशिवाय मात्र मी एक शब्द बोलणार नाही. एकदा बोलले तेवढं बास झालं.

उत्तर दे. रिकामा कागद पाठवलास तरी चालेल.

क्लॅरा

लंडन, १४ जून १९२५

प्रिय बर्था,

तुझं पत्र पोचलं. लग्न नीट पार पडलं, पाऊस आला नाही, एझ्राच्या आईने हॅम उकडलं होतं, सगळं वाचलं. आणि शेवटी, कागद संपत आला तिथे, बारीक अक्षरात, ‘आयव्ही काही म्हणते का?’

म्हणते. सांगते.

ती आली तेव्हा कोटाला चिठ्ठी टाचलेली, हातात आल्याच्या केकचा डबा. तुझ्या हातचा केक होता, मी ओळखला. मला बघून म्हणाली, ‘‘आई.’’ आईनेच तिला गाडीत बसवताना पढवलं होतं, की आता क्लॅराला आई म्हणायचं. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. मी म्हटलं, क्लॅराच म्हण, पूर्वी म्हणायचीस तसं. तिला बरं वाटलेलं दिसलं.

शाळेत घातलंय. तिच्या बोलण्याला पोरी हसतात, पण ती दोन दिल्याशिवाय राहत नाही. शोरॉकच आहे. शाळा सुटली की धुलाईखान्याच्या खिडकीबाहेर येऊन उभी राहते आणि काचेपलीकडून मला दिवसभराचं सगळं सांगते, आवाज न करता. एवढ्या मोठ्या लंडनमध्ये तिचं बोलणं कळणारी मी एकटीच. बाकीच्या बायकांना वाटतं, पोर मुकी आहे.

तुझं नाव ती काढत नाही. म्हणून काल मीच काढलं. मी मोजे शिवत होते, ती शेजारी बसून दोरा ओवून देत होती. विचारलं, तू निघालीस तेव्हा बर्था रडली का गं?

‘‘नाही. एझ्रा होता ना शेजारी.’’

मग ओवलेली सुई माझ्या हातात देत म्हणाली, ‘‘पण बोलली. गाडी हलली तेव्हा, काचेतून. आवाज न करता.’’

‘‘काय बोलली?’’

तिने माझ्याकडे पाहिलं. सात वर्षांची पोर, बर्था, पण तुझीच नजर. रागाने नाही, अगदी साधेपणाने म्हणाली, ‘‘ते तुला नाही सांगणार. तू सगळ्यांना सांगतेस.’’

सिनेमा तिनेही पाहिला होता. तूच तिला पुढच्या रांगेत बसवलं असशील, मीच आधी लिहिलं होतं तसं; जाऊ नका म्हणून लिहिलेली नंतरची पत्रं तू रागात फोडलीच नसशील. तिला ते वाचता आलं नसेल असं समजून मी इतके दिवस स्वतःची समजूत घालत होते. ती आपल्या घरात वाढली, बर्था. बोलायला लागायच्या आधी ती बघायला शिकली. त्या दृश्यात कोण कुणाला काय म्हणतंय, हे अख्ख्या गावाला चुकलं, पण तिला चुकलं नाही. ‘माझ्या अंथरुणात निजू दे’ हे कोण म्हणालं असेल, ते तिला कळणारच; रोज ती तुझ्याच अंथरुणात निजायची. आणि शाळेत पोरांनी इतकं छळलं तरी तिने तुझं नाव सांगितलं नाही.

मी पुन्हा विचारलं नाही. विचारणारही नाही. पण तू तिला काय म्हणालीस ते तिच्यापाशी नीट आहे, एवढं तुला कळावं म्हणून हे लिहिलं.

तू ये. वेक्सच्या सुट्टीत गिरणी बंद असेल तेव्हा ये. एझ्राला सांग, क्लॅरा आजारी आहे, किंवा खरं सांग, तुझं तू ठरव. मी घरमालकीणबाईंना विचारून ठेवलंय. खोली एकच आहे आणि मला जायला दुसरी जागा नाही. पण तुम्ही दोघी खिडकीपाशी बसा आणि बोला, हवं तेवढं. मी भिंतीकडे तोंड करून बसेन.

तुझी,
क्लॅरा